5659 दिवसांचा उशीर: वाढीव मोबदल्याच्या अपिलात विलंब माफी का मिळाली नाही

पथापति सुब्बा रेड्डी (मयत, वारसांमार्फत) विरुद्ध विशेष उपजिल्हाधिकारी (भूसंपादन) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 8 एप्रिल 2024 रोजी निकाल दिला. खंडपीठ न्या. बेला त्रिवेदी आणि न्या. पंकज मिथल यांचं. प्रश्न एकच होता: भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यासाठी हायकोर्टात करायचं अपील 5659 दिवस उशिरा आलं, तो उशीर माफ करायचा का? हायकोर्टाने नाही म्हटलं होतं, सर्वोच्च न्यायालयानेही नाहीच म्हटलं. तेव्हापासून विलंब माफीच्या अर्जाला विरोध करताना सरकारी वकील हा निकाल हमखास पुढे ठेवतात.

महाराष्ट्रात धरणं, कालवे, पाझर तलाव, रस्ते आणि एमआयडीसी यांच्यासाठी जमिनी गेलेल्या घरांत वर्षानुवर्षं एकच प्रश्न विचारला जातो. शेजारच्या गटाला हायकोर्टातून जास्त भाव मिळाला, आमचा रेफरन्स (मोबदला वाढवून मागण्यासाठी कोर्टाकडे पाठवलेलं प्रकरण) केव्हाच निकाली निघाला, आता आम्हाला जाता येईल का? आंध्र प्रदेशातल्या या प्रकरणात त्या प्रश्नाचे जवळजवळ सगळे धागे आहेत, म्हणून ते मुळापासून बघू.

काय घडलं

तेलुगु गंगा प्रकल्पासाठी 1989 मध्ये भूसंपादनाची अधिसूचना निघाली. भूसंपादन अधिकाऱ्याने निवाडा (मोबदला ठरवणारा आदेश) केला. तो मोबदला कमी वाटल्याने 16 दावेदारांनी 1894 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 18 खाली रेफरन्स मागितला. रेफरन्स कोर्टाने 24 सप्टेंबर 1999 रोजी तो गुणदोषांवर फेटाळला आणि अधिकाऱ्याचा निवाडा कायम ठेवला. एक रुपयाही वाढला नाही.

रेफरन्स चालू असतानाच काही दावेदार वारले होते. त्यांचे वारस रेकॉर्डवर घेण्यासाठी कुणी अर्ज केला नाही. निकालानंतर 16 पैकी एकानेही अपील केलं नाही. त्यानंतर 2015 मध्ये, मयत दावेदारांपैकी एकाच्या काही वारसांनी कलम 54 खाली हायकोर्टात अपील आणलं. कारण असं दिलं की लग्न होऊन सासरी राहणाऱ्या मुलीला या खटल्याची आणि त्याच्या निकालाची माहितीच नव्हती, ती उशिरा कळली. हायकोर्टाने जानेवारी 2017 मध्ये विलंब माफीचा अर्ज फेटाळला आणि त्याबरोबर अपीलही संपलं.

दिवस कसे मोजायचे

रेफरन्स कोर्टाचा निवाडा कायद्याने हुकूमनाम्यासारखा धरला जातो. हायकोर्टातल्या अपिलाची मुदत 1963 च्या मुदत कायद्याच्या अनुच्छेद 116 प्रमाणे 90 दिवस. निकालाचा दिवस सोडून मोजायला सुरुवात करायची. 24 सप्टेंबर 1999 पासून 90 वा दिवस येतो 23 डिसेंबर 1999. तिथून पुढे 5659 दिवस मोजले की आपण जून 2015 च्या तिसऱ्या आठवड्यात पोहोचतो.

इथे दोन गोष्टी वजा होतात, आणि अर्ज लिहिताना त्यांतच चुका होतात. पहिली म्हणजे कलम 12 प्रमाणे प्रमाणित नक्कल मिळायला लागलेले दिवस. पण नकलेचा अर्ज मुदत चालू असताना केलेला हवा. मुदत संपून गेल्यावर केलेल्या अर्जाचे दिवस वजा न करता विलंबातच धरावेत आणि त्यांचंही कारण द्यावं. दुसरी म्हणजे कोविडचा काळ. सर्वोच्च न्यायालयाच्या 10 जानेवारी 2022 च्या आदेशाप्रमाणे 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 हा काळ मुदतीतून वगळला आहे. ज्यांची मुदत त्या काळात संपत होती त्यांना 1 मार्च 2022 पासून 90 दिवस मिळाले. मूळ मुदतीतले शिल्लक दिवस त्याहून जास्त असतील तर तेवढे. शेवटचा दिवस सुट्टीचा असेल तर कलम 4 प्रमाणे कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल करता येतं.

अर्जात विलंबाचे दिवस चुकीचे लिहिले, तर दुरुस्तीचा अर्ज करावा लागतो आणि तोवर अपिलाला नंबर पडत नाही. हायकोर्टाच्या कार्यालयाने काढलेला आकडा आणि आपला आकडा जुळतो का, हे हरकती काढतानाच बघून घ्यावं.

‘अधिकार आहे’ म्हणजे मागेल त्याला मिळेल असं नाही

मुदत कायद्याचं कलम 3 सक्तीचं आहे. समोरच्याने हरकत घेतली नाही तरी मुदतबाह्य अपील कोर्टाने फेटाळायचंच असतं. कलम 5 हा त्याला दिलेला अपवाद: पुरेसं कारण होतं अशी कोर्टाची खात्री झाली, तर उशिराचं अपील किंवा अर्ज दाखल करून घेता येतो. 1961 च्या रेवा कोलफील्ड्स निकालापासून हे ठरलेलं आहे की इथे दोन पायऱ्या आहेत. आधी पुरेसं कारण सिद्ध करायचं, ही वस्तुस्थितीची बाब. ते सिद्ध झालं तरी माफी हक्काने मिळत नाही. मग कोर्ट स्वतःचा विवेक वापरतं. पक्षकार किती जागरूक होता, त्याचा हेतू शुद्ध होता का, याचा विचार या दुसऱ्या पायरीवर होतो.

2024 च्या निकालाने हीच दुसरी पायरी ठळक केली. कलम 3 काटेकोरपणे वाचायचं आणि कलम 5 उदारपणे, हे न्यायालयाने मान्य केलं. पण उदारपणाच्या नावाखाली मुदतीचा कायदाच निष्प्रभ करता येणार नाही, असं बजावलं. विलंब अवाजवी असेल, हलगर्जी दिसत असेल, तर पुरेसं कारण असूनही कोर्ट माफी नाकारू शकतं.

या प्रकरणाच्या वस्तुस्थितीवर न्यायालयाला तीन गोष्टी खटकल्या. दावेदार रेफरन्स चालवतानाही निष्काळजी होते आणि अपील करतानाही. बहुतेक दावेदारांनी 1999 चा निकाल स्वीकारला होता. आणि वारसांना रेकॉर्डवर न घेताच निकाल लागला अशी तक्रार असेल, तर त्यांना त्याच कोर्टात कार्यपद्धतीच्या कारणावर पुनर्विलोकन मागता आलं असतं. तेही त्यांनी कधी मागितलं नाही.

तिसरा मुद्दा वकिलांनी नीट लक्षात ठेवावा असा आहे. मयत माणसाविरुद्ध, वारसांना नोटीस न देता झालेला निकाल चुकीचा आहे असं म्हणणं आणि त्या निकालातला भाव कमी आहे असं म्हणणं, या दोन वेगळ्या तक्रारी आहेत. पहिल्या तक्रारीची दाद त्याच कोर्टात मागायची असते. अपील हाती घेण्याआधी हा मार्ग का धरला नाही याचं उत्तर अर्जात नसेल, तर आता ते विचारलं जाणार.

चार दिवसांचं प्रकरण

विलंब माफीचा कुठलाही युक्तिवाद 1987 च्या काटीजी निकालापासून सुरू होतो. योगायोग असा की तेही भूसंपादनाच्या मोबदल्याचंच प्रकरण आहे. जम्मू-काश्मीरमध्ये भाव कनालला (तिथलं जमिनीचं माप) 1000 रुपयांवरून 8000 रुपयांवर गेला होता, एकूण वाढ सुमारे 14 लाखांची. त्याविरुद्ध सरकारचं अपील 4 दिवस उशिरा आलं आणि हायकोर्टाने ते मुदतीवर फेटाळलं. न्या. एम. पी. ठक्कर आणि न्या. बी. सी. रे यांनी 19 फेब्रुवारी 1987 रोजी तो आदेश रद्द केला. उशीर करून साधारणतः कुणाचा फायदा होत नाही. रोजच्या दिवसाचं स्पष्टीकरण द्या या नियमाचा अतिरेक करू नये, नाहीतर तासाचं आणि सेकंदाचंही मागावं लागेल. तांत्रिक बाब आणि खरा न्याय समोरासमोर आले तर न्यायाला झुकतं माप द्यावं. ही तत्त्वं तिथली.

शेतकऱ्यांचे वकील काटीजीचा आधार घेतात, पण त्यात माफी मागणारं सरकार होतं आणि उशीर होता फक्त 4 दिवसांचा. 5659 दिवसांना तेच शब्द जसेच्या तसे लावता येत नाहीत.

सरकारी उशिराबाबतही न्यायालयाची भूमिका आता कडक आहे. पोस्टमास्तर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया या 2012 च्या प्रकरणात 427 दिवस माफ झाले नाहीत. फायली या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होत्या हे कारण चालणार नाही असं सांगितलं गेलं. त्याच वर्षी मुंबई महापालिकेचा 7 वर्षं 108 दिवसांचा उशीर हायकोर्टाने माफ केला होता, तो आदेश सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. सप्टेंबर 2025 मध्ये कर्नाटक गृहनिर्माण मंडळाच्या 3966 दिवसांच्या उशिराचंही तेच झालं. जमीन गेलेल्या माणसाच्या बाजूने उभं राहणाऱ्याने हे निकाल जवळ ठेवावेत, कारण वाढीव मोबदल्याविरुद्ध संपादन संस्थांची अपिलं सर्रास उशिरा येतात. त्यावेळी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 41 नियम 3अ कडेही लक्ष वेधावं: अपील ऐकून घ्यायचं की नाही हे ठरेपर्यंत अंमलबजावणीला स्थगिती द्यायची नसते.

उशिराचा भार नक्की कुणावर

उशीर करून फायदा होत नाही, हे काटीजीतलं गृहीतक मोबदल्याच्या प्रकरणात दावेदाराला पूर्ण लागू पडत नाही. माझ्या मते साऱ्या वादाची गाठ इथे आहे.

1894 च्या कायद्याच्या कलम 28 प्रमाणे कोर्टाने वाढवलेल्या रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी 9 टक्के आणि पुढे 15 टक्के व्याज मिळतं. त्याच्या जागी आलेल्या 2013 च्या भूसंपादन कायद्यात कलम 72 खाली हेच दर आहेत. 2001 च्या सुंदर विरुद्ध भारत सरकार या निकालानंतर 30 टक्के दिलासा रकमेवरही (जमीन सक्तीने घेतल्याबद्दल किमतीवर वेगळी मिळणारी रक्कम) व्याज लागतं. आता हिशेब करा. अपिलात वाढणारी रक्कम समजा 1 लाख रुपये. 5659 दिवस म्हणजे साडेपंधरा वर्षं. 15 टक्के सरळ व्याजाने फक्त उशिराच्या काळाचं व्याज होतं सुमारे 2 लाख 32 हजार 500 रुपये, म्हणजे मूळ वाढीच्या सव्वादोन पटीहून जास्त. अपील वेळेत झालं असतं, तर ही रक्कम सरकारवर पडलीच नसती.

म्हणून न्यायालयांनी एक व्यवहार्य तोडगा काढला. 2014 च्या धीरज सिंग विरुद्ध हरियाणा आणि नंतरच्या के. सुब्बारायुडू प्रकरणात विलंब माफ झाला, शेजाऱ्यांना मिळालेला भाव मिळाला, पण उशिराच्या काळाचं व्याज तेवढं कापलं गेलं. शेतकऱ्याला जमिनीची किंमत मिळते, सरकारवर दुसऱ्याच्या ढिलाईचा भुर्दंड पडत नाही. हायकोर्टांतही या धर्तीवर आदेश होत आले.

सुब्बा रेड्डी निकालाने त्यावर एक मर्यादा घातली. अट घातली आहे म्हणून विलंब माफ केला, असं करता येणार नाही. ते कायद्याच्या तरतुदीकडे दुर्लक्ष ठरेल. याचा अर्थ व्याज कापण्याचा मार्ग बंद झाला असा काही जण लावतात, आणि तो मला पटत नाही. पुरेसं कारण सिद्ध झाल्यानंतर, विवेक वापरताना कोर्ट व्याज कापू शकतं. मात्र ‘आम्ही व्याज सोडतो’ ही तयारी कारणाची जागा घेऊ शकत नाही. पुष्कळ अर्जांत कारणाला दोन ओळी आणि व्याज सोडण्याला दोन परिच्छेद असतात. आधी कारण उभं करा, व्याज सोडल्याचं निवेदन शेवटी आणि स्वतंत्र परिच्छेदात द्या.

शेजाऱ्याला मिळालं म्हणून

हा मुद्दा भावनिकदृष्ट्या सर्वात जड आहे. बांधाला बांध लागून असलेल्या दोन जमिनी, एकच अधिसूचना, एकाच कालव्यासाठी गेलेल्या. एकाला हेक्टरी दुप्पट भाव आणि दुसऱ्याला निवाड्यातलाच. जमीन सक्तीने गेली असताना अशी तफावत राहावी हे अन्यायाचं आहे, आणि ते कोर्टासमोर ठामपणे मांडलंच पाहिजे.

पण तेवढ्याने माफी मिळत नाही. 2013 च्या बसवराज विरुद्ध विशेष भूसंपादन अधिकारी या कर्नाटकातल्या प्रकरणात साडेपाच वर्षांचा उशीर नाकारताना न्यायालयाने हेच सांगितलं होतं, आणि 2024 मध्ये ते पुन्हा सांगितलं: सारख्याच प्रकरणात दुसऱ्याला दिलासा मिळाला म्हणून, उशिराच्या कारणाबद्दल खात्री झालेली नसताना, तुम्हालाही तो मिळेलच असं नाही. विलंब माफी ठरवताना मूळ दाव्याचे गुणदोषही बघायचे नाहीत.

काटीजी, बसवराज आणि सुब्बा रेड्डी हे तिन्ही निकाल दोन न्यायमूर्तींचे आहेत. एकाने दुसऱ्याला बाजूला सारलेलं नाही. त्यामुळे आपल्या प्रकरणाची वस्तुस्थिती कुठल्या निकालाच्या जवळ जाते, हे दाखवण्यात वकिलाचं खरं काम आहे. दोन वर्षांचा उशीर, दरम्यान पक्षकाराचा मृत्यू, त्याच अधिसूचनेतल्या इतरांची अपिलं अजून प्रलंबित, असं असेल तर धीरज सिंग. पंधरा वर्षांचा उशीर, सोबतच्या सगळ्यांनी निकाल स्वीकारलेला, तर सुब्बा रेड्डी. आपलं प्रकरण दुसऱ्या गटातलं असेल तर पक्षकाराला खर्चात पाडण्याआधी तसं स्पष्ट सांगावं.

तारखांचा पूल

फेटाळलेल्या अर्जांत साधारण हा मजकूर आढळतो:

‘अर्जदार हा अशिक्षित व गरीब शेतकरी असून त्यास कायद्याचे ज्ञान नाही. आजारपण व आर्थिक अडचणीमुळे अपील मुदतीत दाखल करता आले नाही. विलंब हेतुपुरस्सर नाही.’

यातलं एकही वाक्य खोटं नसेल, पण तपासता येईल असंही एक नाही. कोण आजारी, कधीपासून कधीपर्यंत, कागद कुठे? आता त्याच परिस्थितीतल्या वारसाचा दुसरा मजकूर बघा. तारखा नमुन्याच्या आहेत:

‘अर्जदाराचे वडील 11 फेब्रुवारी 2023 रोजी वारले (मृत्यू दाखला, निशाणी अ). रेफरन्सचा निकाल 6 जुलै 2023 रोजी झाला. वारसांची नावे रेकॉर्डवर आलेली नव्हती व वारसांना नोटीस नव्हती (रोजनाम्याची नक्कल, निशाणी ब). अर्जदार त्या काळात कामानिमित्त परजिल्ह्यात राहत होता (भाडेकरार, निशाणी क). 14 मार्च 2024 रोजी वारस फेरफारासाठी तलाठी कार्यालयात गेला असता सातबाऱ्याच्या इतर हक्कात संपादनाची नोंद दिसली. 19 मार्च रोजी नकलेचा अर्ज केला, 8 एप्रिल रोजी नक्कल मिळाली, 15 एप्रिल रोजी वकिलांकडे कागद दिले, 29 एप्रिल रोजी अपील दाखल केले.’

90 दिवसांची मुदत 4 ऑक्टोबर 2023 ला संपली, म्हणजे उशीर 208 दिवसांचा. यातला प्रत्येक टप्पा कागदाने जोडलेला आहे. माहिती मिळाल्यानंतर दीड महिन्यात अपील दाखल झालं, याचं वजन सर्वात जास्त. आधी कितीही चांगलं कारण असलं तरी माहिती कळल्यावर सहा-आठ महिने स्वस्थ बसलेला अर्जदार तिथेच हरतो. आता 208 ऐवजी पाच हजार दिवसांचा असा पूल बांधून बघा. मधली दहा-बारा वर्षं कुठल्या कागदावर उभी करायची, हा प्रश्न लगेच पुढे येतो. सुब्बा रेड्डीतल्या वारसांची अडचण तीच होती.

कागद गोळा करताना गाव नमुना 6 मधला फेरफार आणि 6-क ची वारस नोंद आधी काढा. त्या दोन्हींवरच्या तारखा अर्जाला मदत करू शकतात किंवा त्याला पाडू शकतात. वारस फेरफार 2012 चा असेल, त्यावर बहिणीची सही असेल आणि अर्जात तिला 2023 पर्यंत संपादनाची माहितीच नव्हती असं लिहिलं असेल, तर सरकारी वकील तो फेरफार समोर ठेवतो आणि अर्ज तिथेच संपतो. माहिती नसल्याचं कारण देण्याआधी मोबदल्याच्या पावत्या, बँकेत जमा झालेली रक्कम आणि संमतीपत्रं यांवर कुणाकुणाच्या सह्या आहेत ते स्वतः तपासा.

कोर्ट फीला पैसे नव्हते हे कारण फारसं टिकत नाही. फी कमी भरून नंतर पुरी करण्याची मुभा संहितेच्या कलम 149 खाली मागता येते आणि अकिंचन (फी भरण्याची ऐपत नसलेला) म्हणून अपील करण्याची सोय ऑर्डर 44 मध्ये आहे. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या पक्षकारांना विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आधीच्या वकिलाने कळवलं नाही असं म्हणायचं असेल तर त्याला पाठवलेलं पत्र, मेसेज किंवा निदान कधी कधी विचारणा केली त्या तारखा हव्यात. पक्षकार वारला की ते कोर्टाला कळवण्याची जबाबदारी ऑर्डर 22 नियम 10अ ने वकिलावर टाकली आहे. तसं कळवलं होतं की नाही हे रोजनाम्यातून (कोर्टातल्या तारखेवार कामकाजाच्या नोंदीतून) कळतं, म्हणून संपूर्ण रोजनाम्याची नक्कल मागवावी.

जिथे कलम 5 पोहोचत नाही

वरची सगळी चर्चा हायकोर्टातल्या अपिलाची. मोबदल्याच्या मार्गावर अशाही मुदती आहेत, जिथे कितीही खरं कारण असलं तरी कोर्टाच्या हातात काही नसतं किंवा फार थोडं असतं.

1894 च्या कायद्याखाली कलम 18 चा अर्ज घेणारा जिल्हाधिकारी हा कोर्ट नाही, म्हणून त्याला कलम 5 खाली विलंब माफ करता येत नाही, असं 1996 च्या शाह मणिलाल चंदुलाल निकालात ठरलं. तिथे झुंज मुदत कधी सुरू झाली यावर द्यावी लागते. 1961 च्या हरीश चंद्र राज सिंग निकालाप्रमाणे निवाड्याची तारीख म्हणजे तो दावेदाराला कळला किंवा कळायला हवा होता ती तारीख. 2012 च्या प्रेमजी नथू प्रकरणात नोटिशीबरोबर निवाड्याची प्रत दिलेली नव्हती, याला न्यायालयाने महत्त्व दिलं. जुन्या प्रकरणात निवाडा कळवणारी कलम 12(2) ची मूळ नोटीस, पोस्टाचा लिफाफा आणि पोच हाती असेल तर जपून ठेवा.

2013 च्या कायद्याने जिल्हाधिकाऱ्याला मर्यादित अधिकार दिला. कलम 64 प्रमाणे निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याला 6 आठवडे. इतरांना नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा निवाड्यापासून 6 महिने, यांत जे आधी संपेल ते. पुरेसं कारण असेल तर त्यापुढे एक वर्षापर्यंतचा अर्ज घेता येतो. नव्या कायद्यात रेफरन्स ऐकणाऱ्या प्राधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध कलम 74 चं अपील 60 दिवसांत, आणि हायकोर्ट आणखी 60 दिवसांपर्यंत मुभा देऊ शकतं. जुन्या कायद्यातल्या 90 दिवसांची सवय असलेले इथे फसतात. 120 दिवसांपुढे जाण्याचा विचारच करू नये, कारण त्यापुढचा प्रत्येक दिवस ‘कलम 5 लागू होतं का’ या वेगळ्या वादात जातो.

रेफरन्स मागितलाच नसेल तर कलम 28अ (नव्या कायद्यात कलम 73) आहे: त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या कुणाला कोर्टाने वाढ दिली, तर त्या निवाड्यापासून तीन महिन्यांत फेरनिर्धारणाचा अर्ज. नकलेचे दिवस वजा होतात, पण निवाडा उशिरा कळला हे कारण चालत नाही. दिलासा इतकाच की 1995 च्या प्रदीप कुमारी निकालाप्रमाणे मुदत पहिल्याच निवाड्यापासून मोजायची सक्ती नाही. नंतर आलेल्या निवाड्याचाही आधार घेता येतो. म्हणून आपल्या अधिसूचनेतले कुठले रेफरन्स अजून चालू आहेत याची यादी तालुक्याच्या आणि जिल्ह्याच्या कोर्टातून काढून ठेवावी. सुब्बा रेड्डीतल्या दावेदारांना हा दरवाजा नव्हता, कारण त्यांनी स्वतः रेफरन्स मागितलेला होता.

राष्ट्रीय महामार्गाच्या संपादनात लवादाच्या निवाड्याला आव्हान द्यायचं तर लवाद कायद्याच्या कलम 34 खाली तीन महिने आणि वर फक्त 30 दिवस. त्यापुढे एकही दिवस माफ होत नाही. त्यानंतरच्या कलम 37 च्या अपिलात कलम 5 लागू होतं, पण 2021 च्या महाराष्ट्र शासन विरुद्ध बोर्से ब्रदर्स निकालाने ते थोड्या उशिरापुरतं आणि अपवाद म्हणूनच वापरायचं असं ठरवून दिलं. आणि निवाडा हातात असून पैसे वसूल केलेले नसतील, तर दरखास्तीची (निवाड्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाची) मुदत 12 वर्षं. ऑर्डर 21 च्या अर्जांना कलम 5 मुळातच लागू होत नाही.

विलंब माफीच्या अर्जावर खर्च करण्याआधी आणखी एक गोष्ट तपासून पाहा. जमीन सामाईक होती का, आणि सहहिस्सेदारांपैकी कुणी रेफरन्स किंवा अपील केलं होतं का? 1991 च्या ए. विश्वनाथ पिल्लै निकालाप्रमाणे एका सहमालकाने मागितलेल्या रेफरन्सचा फायदा इतर सहमालकांनाही त्यांच्या हिश्शापुरता मिळतो. भावाने स्वतःच्या नावाने खटला चालवला, भाव वाढवून घेतला आणि बहिणीला मोबदल्यातलं काही दिलं नाही, अशी कुटुंबं महाराष्ट्रात भरपूर आहेत. अशा बहिणीने दहा वर्षांच्या विलंबाचं अपील उभं करण्याऐवजी भावाच्या रेफरन्सची संपूर्ण फाइल काढावी, सामाईक गट क्रमांक आणि सातबारावरचा आपला हिस्सा दाखवावा आणि वाढीव रक्कम कोर्टात जमा असेल तर ती वाटली जाण्याआधी तिथेच अर्ज द्यावा.